एका नजरेत मावणारे शब्द

प्रिय ताई,

पाकिटावर माझं अक्षर बघून तू आधी घाबरली असशील आणि मग चिडली असशील. एक दिवसाआड फोनवर बोलणं होतं, आणि ही बया पत्र कसलं पाठवते? घाबरू नकोस, माझं सगळं ठीक आहे. नोकरी आहे, खोली आहे, घरमालकीणबाई अजून कंटाळलेल्या नाहीत. तू दिलेल्या प्रश्नाचं उत्तरही मिळालं आहे. फोनवर तू तीनदा विचारलंस आणि तिन्ही वेळा मी ‘अजून चाललंय’ म्हटलं. त्यातलं पहिल्या वेळचं तेवढं खरं होतं. उत्तर याच पत्रात आहे, पण ते मला माझ्या चालीनं सांगू दे. गोगलगाय म्हणतेस ना, मग थोडी कळ काढ. आणि शेवटचं पान आधी उघडू नकोस. तुझी ती खोड मला माहीत आहे.

मी स्प्रेडशीट शिकायला ऑनलाइन कॉलेजात नाव घातलं तेव्हा तुला वाटलं होतं की टायपिंगसारखं काहीतरी असेल. खरं सांगायचं तर मलाही तसंच वाटलं होतं. स्प्रेडशीट म्हणजे चौकटींचा कागद, एवढीच माझी समज. दुरुस्ती केंद्रात मी दिवसभर तेच करते, लोकांची बिघडलेली वॉशिंग मशीन त्या चौकटींत भरते. ‘पाणी गळतं’, ‘फिरतच नाही’, ‘भलताच आवाज येतो’. पण आमच्या बाईंनी पहिल्याच तासाला सांगितलं की चौकटी नंतर उघडा, आधी आपला प्रश्न एका वाक्यात लिहा. वाक्य होत नसेल तर तुम्हाला प्रश्नच कळलेला नाही. वर्गात एक बसचालक आहेत, त्यांचं वाक्य होतं की माझी बस नेमक्या कोणत्या थांब्यापासून उशिरा धावायला लागते. एका बेकरीवाल्याला रोज उरणाऱ्या पावांचं कोडं सोडवायचं होतं. माझं वाक्य काही केल्या होईना. मी घरमालकीणबाईंच्या स्वयंपाकघरात बसते, कारण नेट तिथंच नीट येतं. त्या कणीक मळता मळता माझ्या स्क्रीनकडे बघून म्हणाल्या, “एवढा विचार तर मी लग्न ठरवतानाही केला नव्हता.”

वर्गातल्या बाईंचं ते बोलणं ऐकून मला तूच आठवलीस. बाबा विजेचे मनोरे उभारत पुढे पुढे जायचे आणि आपण सामान बांधून मागोमाग. शाळा कुठेतरी मागेच राहायची. मग तूच माझी शाळा झालीस. सिमेंटच्या गोणीवरचं, धोक्याच्या पाटीवरचं, पुड्याच्या कागदावरचं, जे हाती लागेल ते मला वाचायला लावायचीस. मी घाईत अंदाजानं वाचायची. ‘दूर राहा’ लिहिलेलं असलं तरी ‘दूर जा’ म्हणायची. तू चिडायचीस, “असायला हवं ते वाचू नकोस, आहे ते वाच.” मग तू पुठ्ठ्याचा एक तुकडा घेतलास, त्याला मधोमध एका शब्दापुरती खिडकी कापलीस आणि ती ओळीवरून सरकवत मला वाचायला लावलंस. पुढचा शब्द दिसतच नसल्यामुळे अंदाज करायची सोय नव्हती. पुढे छापखान्यात मुद्रितं तपासायला लागलीस तेव्हा तिथंही तू अवघड पानाला तोच पुठ्ठा काढायचीस, आणि तिथले लोक तुला खिडकीवाली बाई म्हणायचे.

गेल्या खेपेला मी घरी आले तेव्हा तू दवाखान्याची फाइल माझ्या पुढ्यात टाकलीस. तोवर आपण दोघी त्या विषयाला वळसा घालत होतो. आधी तू दाराच्या चौकटीला खांदा आपटायचीस आणि आई तुला धांदरट म्हणायची. मग कडेला ठेवलेली पाण्याची भांडी लवंडायला लागली. मग पानाच्या कडेच्या चुका तुझ्या नजरेतून निसटायला लागल्या, आणि छापखान्याच्या मालकांनी विश्रांती घ्या म्हटलं, त्याचा अर्थ तू त्याच दिवशी ओळखलास. कडांकडून मिटत चाललेली नजर. त्यावर औषध नाही, हे डॉक्टरांनी सांगितलं, पण किती काळ, ते काही सांगितलं नाही. तू मला म्हणालीस, “तुमच्या कॉलेजात प्रश्न सोडवतात ना? मग माझा सोडव. मला किती दिवस वाचता येईल? डॉक्टर नुसतं ‘बघू या’ म्हणतात, आणि इथं बघायचाच तर घोळ आहे.” मी हे वर्गात मांडू का, असं विचारलं तर म्हणालीस, “मांड. नाव मात्र घालू नकोस. डोळ्यांवरून प्रसिद्ध व्हायचं ते नट्यांनी.” आई हसली. मीही हसले. रात्रभराच्या बसमध्ये ती फाइल मी मांडीवर ठेवली होती, पिशवीत घालवेना.

आता उत्तराकडे येते, पण आधी एका घोळाबद्दल. तुझ्या प्रत्येक तपासणीचे आकडे मी एकाखाली एक भरले. किती अंश रुंद दिसतं, त्याचे ते आकडे. मधली एक तपासणी नव्हतीच. चौकट मोकळी राहिली की मला चैन पडत नाही, म्हणून मी तिथं शून्य घातलं. मग आलेख काढला, त्यावर कल दाखवणारी रेषा ओढली आणि ती अशी कोसळली की तिच्या हिशेबानं तुझं वाचन गेल्या थंडीतच संपायला हवं होतं. ताई, दोन दिवस मी कामावर भलतेच पत्ते लिहीत होते. एका आजींच्या मशीनसाठी गेलेला माणूस दुसऱ्याच आजींची बेल वाजवून आला. मग मी तू शिकवल्याप्रमाणे बोट ठेवून एकेक आकडा फाइलशी ताडून पाहिला आणि ते शून्य सापडलं. बाईंना विचारलं. त्या म्हणाल्या, शून्य म्हणजे मोजलं आणि काहीच नव्हतं. मोकळं म्हणजे मोजलंच नाही. मी शून्य पुसलं आणि रेषा माझ्या डोळ्यांदेखत वर उचलली गेली. मी इतकी मोठ्यानं हसले की घरमालकीणबाई गॅस बंद करून धावत आल्या. क्षणभर मला वाटलं, मी तुला बरं केलं. मग नीट पाहिलं. रेषा वर गेली होती, पण उतरतच होती.

ती तपासणी का झाली नव्हती, हे फाइलमध्ये लिहिलेलं नाही, पण मला आठवतं. ते मी बाहेरून दिलेल्या शाळेच्या परीक्षेचे दिवस होते. आयुष्यात पहिल्यांदा खऱ्या वर्गात, अनोळखी मुलांमध्ये बसायचं होतं, आणि मी फाटकाशीच हटून बसले होते. तू म्हणालीस, “मी इथं पायरीवर आहे. घाबरलीस की खिडकीतून बघ.” प्रत्येक पेपरला तू त्या पायरीवर बसलीस. आई म्हणाली, डॉक्टरांनी दिलेली वेळ टळतेय, तर तू म्हणालीस, डॉक्टर काय पळून जात नाहीत. ती चौकट आता मी मोकळीच ठेवली आहे.

पुढे अडलं ते वेगळ्याच ठिकाणी. डॉक्टर अंशांत मोजतात, आणि तुझा प्रश्न अंशांचा नव्हता. कधी दिसेनासं होईल असं तू विचारलंच नव्हतंस. कधी वाचता येणार नाही, असं विचारलं होतंस. बाईंनी मागितलेलं माझं वाक्य तेव्हा कुठे झालं. मग मी घरमालकीणबाईंची मापाची टेप घेतली, तू पुस्तक जेवढ्या अंतरावर धरतेस तेवढ्या अंतरावर पुस्तक ठेवलं, आणि किती अंशांत कागदावरची किती जागा येते ते काढलं. त्या जागेत किती शब्द बसतात ते मोजलं आणि त्याचा आणखी एक कॉलम केला. तुला आज एका नजरेत साधारण अर्धी ओळ दिसत असणार. बरोबर ना? वर्गात मी हे मांडलं. मग बसचालकांनी माइक सुरू करून विचारलं, “एका वेळी एकच शब्द दिसला तर त्यांचं भागेल का?” मी म्हटलं, भागेल. आमच्या घरात तसंच वाचायला शिकवतात. म्हणून मी उत्तराची सीमा अर्ध्या ओळीवर धरली नाही, एका शब्दावर धरली.

एक गोष्ट तुला सांगायची राहिली आहे. राहिली कसली, मी सांगितली नाही. हा आजार घराण्यात असू शकतो, धाकटीलाही तपासून घ्या, असं डॉक्टर म्हणाले होते आणि तू माझ्यामागे लकडा लावला होतास. मी जाऊन आले. अंधाऱ्या खोलीत त्या यंत्रासमोर हनुवटी टेकवून बसवतात, हातात बटण देतात आणि ठिपका दिसला की दाब म्हणतात. तुला हे सगळं माझ्यापेक्षा जास्त ठाऊक आहे. मला ठिपके दिसत गेले. वर, खाली, अगदी कानाजवळसुद्धा. मी दाबत गेले, आणि प्रत्येक वेळी वाटत होतं, हा ताईला दिसला नसता. हाही नाही. शेवटी शेवटी मी एक-दोन मुद्दाम सोडून द्यावेत असं मनात आलं, पण तुझ्या तालमीत वाढलेली, सोडवेना. तिथल्या मुलीनं हसून अभिनंदन केलं. माझे डोळे चांगले आहेत, ताई. मी जिन्यात बसून रडले आणि ही बातमी तुला कोणत्या तोंडानं द्यायची ते मला इतके दिवस कळलं नाही. तू आनंदानं ओरडशील हे माहीत होतं, म्हणून तर जास्तच कळलं नाही.

तर उत्तर. चार वर्षं. एखादं वर्ष इकडे किंवा तिकडे. तोवर अर्ध्या ओळीचे तीन शब्द होतील, मग दोन, मग एक. त्यानंतर लांब शब्दांचे तुकडे पडायला लागतील. बाईंनी बजावलंय की शेवटच्या मोजणीच्या पुढे नेलेली रेषा हा अंदाज असतो, ती थबकू शकते, घसरूही शकते. मी सगळे आकडे पुन्हा पुन्हा तपासले. चूक सापडावी आणि वर्षं वाढावीत, याच आशेनं तपासले. या वेळी चूक सापडली नाही. “मला गोड बोलू नकोस, आकडा सांग,” म्हणाली होतीस, म्हणून सांगितला.

हे मी फोनवर का नाही सांगितलं? गेल्या पंधरवड्यात तू दळण आणायला गेली होतीस तेव्हा आईचा फोन आला होता. तिनं दबक्या आवाजात सांगितलं की तू पुस्तकं ट्रंकेत घालून कुलूप लावलं आहेस, दुपारभर रेडिओ लावून नुसती बसतेस, आणि विचारलं तर म्हणतेस की डोळे खर्च होतात, पुरवून वापरायला हवेत. आकडा कळला की वर्षाला किती पुस्तकं ते ठरवणार आहेस म्हणे. तेव्हा मला समजलं की तुला आकडा कशाला हवा होता. ताई, मी तपासणीला गेले तेव्हा डॉक्टरांना हेच विचारून घेतलं होतं. वाचल्यानं हा आजार वाढत नाही. तू डोळे मिटून बसलीस तरी ती रेषा तशीच उतरणार आहे. फोनवर ‘चार वर्षं’ ऐकलं असतंस तर कुलूप आणखी घट्ट केलं असतंस, माझं पुढचं ऐकलंही नसतंस. म्हणून कागदावर लिहिलं, की उत्तर हवं असेल तर तुला वाचावंच लागेल. अक्षर मुद्दाम मोठं काढलेलं नाही. आईला वाचता येत नाही, आणि शेजारच्या मुलीला तू बोलावणार नाहीस, तेवढी मी तुला ओळखते. म्हणजे इथवरची सगळी पानं तू स्वतः वाचलीस. आता आई समोर बसून “काय लिहिलंय गं?” विचारत असेल. कित्येक दिवसांत तिला कुणी काही वाचून दाखवलेलं नाही. हे पत्र तिला पहिल्यापासून मोठ्यानं वाचून दाखव, काही गाळू नकोस. चार वर्षांशी आलीस की ती रडेल. तिथं थांब, तिला पाणी दे, आणि मग थांबलीस तिथून पुढे वाच.

तुझीच,
गोगलगाय