मिठाची बैठक

१२ मार्च १९६२, रसशाळा

दादा आज स्वतः आला. रोहिणखेडहून डोंगर चढून, धोतराला कुसळं. सरिताचं, म्हणजे त्याच्या पोरीचं, लग्न वैशाखात.

"वऱ्हाडाले खारं पाणी पाजू का? इथं पोराईले एवढी किमया शिकवतं, आपल्या गावची विहीर गोड करून दे."

गुरुजी हो म्हणाले. अट एकच, मिठाला बैठक दिल्याशिवाय पाणी हलवायचं नाही. मला कशाला सांगायला हवं! पहिल्या वर्गाला मीच शिकवते. मीठ मरत नाही, उठून दुसरीकडे बसतं. म्हणून आधी काळा दगड तापवायचा, तहानेने गुणगुणू लागेपर्यंत. मग विहिरीत जागा केलेला पारा सोडायचा. पारा मिठाला उठवतो, दगड ते पितो, तीच त्याची बैठक.

२० मार्च, गाव

वहिनीने चहा दिला. खारट. इतक्या वर्षांत विसरूनच गेले होते. वरणातली डाळ वेगळी, पाणी वेगळं.

विहिरीच्या काठावर दगड मांडला, जाळ लावला.

दुपारी कमलकडे. चौथीपर्यंत एका वर्गात होतो आम्ही. ती दाराशी बसायची. आता बौद्धवाड्यातल्या पोरांना तीच शिकवते. त्यांची विहीर त्यांनी दीक्षेनंतर स्वतः खणलेली. साऱ्या गावात गोड पाणी तेवढंच. पण गाव ते पीत नाही, बैलगाडीने पूर्णेवरून आणतं.

तांब्याभर प्याले. घरी बोलले नाही. का बोलले नाही?

२८ मार्च

दगड अजून मुका. पुष्कळ जाळ लागणार.

दादा सकाळपासून मागे. सोयरे येऊन राह्यले, त्यांना गोड पाणी दाखवायचंय. "दगड गुणगुणो का नाचो, तू पारा सोड न बे!" चारचौघांत बे म्हणाला मला. सगळे हसले. मीही.

सोडला.

पाण्यावर मीठ पांढऱ्या धोतरासारखं पसरत वर आलं. दगड निम्मं प्याला आणि थांबला. मी थांबले नाही, उरलेला पाराही सोडला. उरलेलं खाली बसलं, झऱ्यात शिरलं, गेलं. नाल्याने नदीला जाईल, असं म्हटलं मनाशी.

पाणी गोड झालं. म्हातारी माणसं ओंजळीने पिऊन रडली. मला हार घातला.

३ एप्रिल, शाळा

गुरुजींनी विचारलं, "बैठक भरली?"

"भरली."

पहिल्या वर्गाला आज तोच धडा होता. शिकवला.

१९ एप्रिल

कमल आली. एकटी. मोताळ्यापर्यंत एसटीने, पुढे पायी. पिशवीतून बाटली काढली. बस म्हटलं तर बसली नाही.

"चाख."

खारट. आमच्या विहिरीचंच मीठ. मी ओळखते ते.

"आमची डाळ शिजत नाही आता. साबणाले फेस नाही. माही माय रोज नदीवर जाऊन राह्यली, गुडघे धरून. हे तुह्यानं झालं का?"

"हाव."

"तुले माहीत होतं?"

मी बाटलीला बूच लावलं. ती बाटली तिथेच ठेवून गेली. जेवून जा म्हणायचं सुचलंसुद्धा नाही.

नाल्याचा उतार बौद्धवाड्याकडे आहे. लहानपणी त्याच नाल्यात कागदाच्या होड्या सोडायचो आम्ही. मी वरून सोडायची, ती खाली धरायची. माहीत नव्हतं असं कसं लिहू? त्या दिवशी तिकडे बघितलं नाही, इतकंच.

२० एप्रिल

गुरुजींना सगळं सांगितलं. खोटं बोलले तेही. रागावले असते तर बरं झालं असतं. पहिला वर्ग माझ्याकडून काढून घेतला.

म्हणाले, "एकदा अर्ध्या बैठकीवरून उठलेलं मीठ पुन्हा दगडावर बसत नाही. आता पाऱ्याने त्याला फक्त मूळ जागी परत बोलावता येईल. म्हणजे तुमच्या विहिरीत."

मग भट्टीत एक लाकूड सारलं. "दगड थांबला तेव्हा तू का नाही थांबलीस?"

२५ एप्रिल, गाव

पारा घेऊन आले. आधी कमलकडे गेले. मीठ परत नेते म्हटलं. वाटलं होतं तिला बरं वाटेल.

"ने. मंग गाव काय म्हणन? याईच्यापायी आपलं गोड पाणी गेलं. मार कोण खाईन, तू?"

"मग काय करू?"

"तुमच्या विहिरीचं पाणी गोड आहे न? आम्ही येतो भरायले. आमच्याच हातानं भरू. तू काठावर उभी राह्य."

तिची माय दारात बसली होती. माझ्याकडे बघून पदर नीट केला, लहानपणी करायची तसाच. जणू मी पाटलाकडची.

पाटलाकडचीच आहे.

२७ एप्रिल

दादाला सांगितलं, कमल आणि बाया परवा सकाळी येणार.

"लग्नाच्या तोंडावर? सोयरे काय म्हणतीन?"

"अडवलंस तर मीठ परत बोलावीन."

"आपल्याच घराले खारं करशील?"

"करीन."

बोलताना बरं वाटलं. फार बरं वाटलं. मग रात्री पडल्यापडल्या... नाही, त्यात बरं वाटण्यासारखं काही नव्हतं. खारं झालं तर मार कोणाला, हे कमलने परवाच सांगितलं होतं.

वहिनी घरातलं एकूण एक भांडं भरून ठेवतेय. घंगाळ, परात, पोळ्यांचा डबासुद्धा. मी घागर धरायला गेले तर हातातून काढून घेतली.

२८ एप्रिल

कमलला धमकीचं सांगितलं. इतकी चिडलेली तिला कधी पाहिली नव्हती.

"पुन्हा तूच ठरवलं आमच्या नावानं! पहिले गोड करतानी इचारलं नाही, आता खारं करतानी इचारलं नाही. काऊन उभी राह्य म्हटलं होतं तुले? तुह्या पाऱ्यासाठी?"

"मग?"

"तो पारा देऊन टाक तुह्या भावाले. मंग यायचं असलं तं ये."

संध्याकाळी पाऱ्याची पुरचुंडी दादाला दिली. म्हटलं, हा माझ्याकडे नसला तर मला काही करता येत नाही. त्याचा विश्वास बसेना. पुरचुंडी हातात हलली तसा दचकला, मग बंडीच्या खिशात घातली. "मंग आता तू काही करणार नाही?"

"उभी राहणार."

"एवढंच?"

एवढंच.

२९ एप्रिल, सकाळ

विहिरीच्या काठावर बसून लिहितेय. दादा रहाटाला टेकून उभा आहे. त्याच्या मागे गावातले दहाबारा जण. सरिता घरातून निघून माझ्या बाजूला येऊन बसली, दादाने हाक मारली तरी उठली नाही. अंगाला हळद लागायची आहे पोरीच्या. तिला जा म्हणावं की नाही, कळत नाही.

बाया नाल्यापर्यंत आल्या. कमल पुढे, तिची माय मागे, डोक्यावर रिकामी घागर. कमल माझ्याकडे बघत नाहीये. रहाटाकडे बघतेय.

दादाने दोराला हात घातला. ओढून घेतोय की सोडून देतोय, इथून दिसत नाही.

उठते.