दगडाची शेंडी

५ ऑक्टोबर, सकाळी ७
संपाचा तिसरा दिवस. शिरपुरातल्या सगळ्या जिनिंग धडधडताहेत, माझीच बंद. कारण काय, तर भिकुबाई. दसऱ्याच्या मुहूर्ताला मशीनमध्ये कापसाची पहिली ओंजळ टाकायचा मान म्हणे तिचा, वीस वर्षांपासूनचा. यंदा मी तो सूनबाईला, मुस्कानला दिला. रील छान आली असती. म्हातारी चारचौघांत बोलली, 'मना हात मोडी गया का, शेठ?' तिथल्या तिथे कामावरून काढली. चाळीस जण तिच्यामागे गेटबाहेर. पुढारी लोटन. त्याला रडवला नाही तर नावाचा गौतमचंद नाही.

७ ऑक्टोबर
पोलीस स्टेशनला बंदोबस्त मागितला. साहेब म्हणाले, ते तर भजनं म्हणत बसलेत. म्हटलं, भजनं माझ्यावरच आहेत. ऐकलं नाही.
ठरलं. हायकोर्टात अर्ज. गेटवर वीस पोलीस, यावलहून नवी माणसं, आणि लोटन रस्त्यापलीकडे उन्हात. मी त्याच्यासमोर चहा पिणार. चहा सोडायचा संकल्प त्यानंतर.

१५ ऑक्टोबर
वकील पुरावा मागतात. हे लेकाचे साधा दगड मारत नाहीत. काल मुद्दाम गाडी अगदी खेटून नेली. लोटनने हात जोडून वाट करून दिली. कावेबाज माणूस.

१६ ऑक्टोबर
सापडला पुरावा. दसऱ्याच्या हत्यारपूजेचा फोटो. तीस जण, हातात पहारी, गाठी ओढायचे आकडे, कपाळभर कुंकू. झेरॉक्समध्ये रक्तच वाटतं. वकिलाला सांगितलं, संपातला आहे. रोनक म्हणतो, पप्पा, मधोमध तुम्ही आहात, कापून टाकू. खुळा आहे पोरगा. निर्भय मालक, भोवती सशस्त्र जमाव, हीच तर केस. शिवाय सफारीत मी बरा दिसतो. हातातला नारळ? तो दगड. त्यांनी मारलेला, मी झेललेला. प्रतिज्ञापत्रात तसंच लिहिलं.

११ नोव्हेंबर
उद्या सुनावणी. पाच किलो पेढे सांगून ठेवले. लोटनच्या नाकासमोर वाटायचे. त्याला अर्धासुद्धा नाही.

१२ नोव्हेंबर, दुपारी २
न्यायमूर्तींनी फोटो बराच वेळ पाहिला. विचारलं, मधले गृहस्थ कोण. वकील ऐटीत म्हणाले, अर्जदार. न्यायमूर्ती म्हणाले, मग या दगडाला शेंडी कशी? वकील माझ्याकडे बघायला लागले. आणि मागच्या मशीनला झेंडूचा हार जमावानेच घातला का? सगळं कोर्ट हसलं. लोटन हसला नाही. तेच जास्त झोंबलं.
अर्ज मागे घ्या, नाहीतर खोट्या प्रतिज्ञापत्राचं बघू, म्हणाले. घेतला. मोठ्या मनाने.

१४ नोव्हेंबर
भिकुबाई कामावर परत. हे धोरण आहे. लोटनला नंतर बघतो. तिने ओंजळ टाकली, मशीन सुरू झालं. पेढे लोटनने वाटले. मलाही दिला, अर्धा.
मग सगळे फोटोला उभे राहिले. मी सफारी नीट करून मध्ये जायला निघालो, तर भिकुबाईने तिचा मोबाइल माझ्या हातात ठेवला. म्हणाली, शेठ, तुम्हीच काढा. काढतो म्हटलं. मनात ठरवलं, लोटनचं मुंडकं बाहेर ठेवायचं. नीट नेम धरला.
आता फोटो पाहिला. लोटन अख्खा आलाय, दातांसकट. भिकुबाई तर फारच छान. खालच्या कोपऱ्यात माझा अंगठा.