मंदिराच्या हॉलमध्ये नलिनीताई

रविवार, ऑक्टोबर अखेर

आज आरतीनंतर नलिनीताई मंदिराच्या हॉलमध्ये मतं मागायला आल्या. मूळच्या नागपूरच्या, बौद्ध, इथे परदेशात आमच्या शहराच्या कौन्सिलच्या निवडणुकीला उभ्या आहेत. नव्या मशिदीच्या परवानगीवरून शहर दुभंगलंय. गेल्या महिन्यात कुणीतरी मशिदीच्या जागेवरचं ऑफिस फोडलं.

मंदिराचे जुने विश्वस्त कुलकर्णीकाका, त्यांनी नलिनीताईंच्या हातात शिऱ्याची प्लेट दिली आणि म्हणाले, "मशिदीला विरोध करीन, एवढंच बोला. हॉलमधली सगळी मतं तुमची."

"काका, हे मंदिर बांधताना लोक काय म्हणत होते? ट्रॅफिक वाढेल, आवाज होईल. तेव्हा तुम्हीच भांडलात ना? मी परवानगीच्या बाजूने मत देणार."

मागून कुणीतरी म्हणालं, "गेली यार हिची मतं." सगळे हसले. त्याही हसल्या. प्लेटमधला शिरा शेवटपर्यंत खाल्ला आणि कुणी केला, ते विचारलं.

ताई बोलल्या तेच माझ्याही मनात होतं, तरी मी त्यांची बाजू घेतली नाही. इतकी वर्षं देवापुढे उभा राहतो, ते कशासाठी?

पार्किंगमध्ये त्यांना गाठलं. "ताई, उद्या आमच्या गल्लीत घरोघर जाणार ना? मी बरोबर येतो."

"दादा, मंदिरातले लोक बघतील. आणि चालायचंही खूप आहे."

"शाळेला रोज दोन कोस चालायचो," म्हटलं.

अजून ती प्लेट डोळ्यांसमोर आहे. उद्या पहिलं दार कुलकर्णीकाकांचं. बेल मीच वाजवणार.