तीन मिनिटं तुझी

१२ नोव्हेंबर, बुधवार

निवड झाली.

दुपारी फोन आला. 'उधाण'च्या रत्नागिरी केंद्रातून तन्वीर सर. चारशेच्या वर मुलांनी पाठवलं होतं, त्यातली सहा घेतली, त्यात तू आहेस म्हणाले. शनिवारी ये, कागदपत्रं घेऊन ये. मी "हो सर, हो सर" करत राहिले. फोन ठेवला. आनंद झाला नाही.

इथे तरी खरं लिहायला हवं.

'उधाण' हे नवीन चॅनल. पंधरा ते पंचवीसच्या मुलांसाठी. फुकट दिसतं, घरावर तबकडी असली की झालं, महिन्याला काही भरावं लागत नाही. त्यांनी 'तीन मिनिटं तुझी' म्हणून कार्यक्रम काढला. आपल्या आयुष्यात खरी घडलेली एक गोष्ट मोबाइलसमोर सांगायची आणि पाठवायची. निवडलेल्या गोष्टी टीव्हीवर, आणि सांगणाऱ्याला निवेदकाचं काम.

मी आधी माझ्याच गोष्टी सांगून बघितल्या. शाळेतलं बक्षीस. आजोळी विहिरीत पडलेलं वासरू. परत लावून बघायची आणि माझी मलाच जांभई यायची. मग वीस ऑक्टोबरला सकाळी केस विंचरून बसले आणि हॉस्टेलच्या मैत्रिणीची, तूबाची गोष्ट सांगितली. एका दमात. 'माझी मैत्रीण' म्हणायचं ठरवलं होतं. तोंडातून 'मी' निघालं, आणि मग 'माझे बाबा'.

ते खोडता आलं असतं. पुन्हा बोलता आलं असतं. नाही बोलले. पाठवून दिलं.

१३ नोव्हेंबर

तूबाची गोष्ट अशी.

ती दापोलीजवळच्या बुरोंडीची. तीन वर्षं आम्ही माळनाक्याच्या हॉस्टेलवर एका खोलीत होतो. ती अकरा वर्षांची असताना तिचे अब्बा, मुसाचाचा, पहाटे होडी घेऊन निघाले. आदल्या दिवशी तिला काहीतरी ओरडले होते. निघताना तिच्याजवळ येऊन बसले, "तूबा, येतो गो," म्हणाले. ती जागी होती. झोपेचं सोंग घेऊन पडून राहिली.

चार दिवस होडी आली नाही. लोक घरी येऊन बसायला लागले, कुणी गेल्यावर बसतात तसे. तिची अम्मी ताजबी, तिने सगळ्यांना उठवलं. "तो आल्यावर जेवायला या, आत्ता घरी जा." पाचव्या दिवशी दुसऱ्या बंदराच्या ट्रॉलरने होडी ओढून आणली. अब्बा उतरले, तूबाच्या डोक्यावर हात ठेवला आणि म्हणाले, "त्या दिवशी जागी होतीस ना? मला ठाऊक होतं."

एवढीच. हॉस्टेलच्या गच्चीवर कपडे वाळत घालताना तिने मला सांगितली होती. 

१५ नोव्हेंबर, शनिवार

केंद्र म्हणजे साळवी स्टॉपजवळ एका दवाखान्याच्या वरचा मजला. तीन खोल्या, एक हिरवा पडदा, चार संगणक. तन्वीर सर राजिवड्याचे, पस्तिशीचे असतील. आवाज कधी चढत नाही. सहाही जणांना समोर बसवून म्हणाले, "तुमच्या वयाचे लोक खोटं लगेच ओळखतात. नाटकं दाखवायला बाकीची चॅनल आहेत. इथे खरं असेल तेच."

मग माझ्याकडे बघून म्हणाले, "राहीची गोष्ट बघा एकदा. खरी गोष्ट अशी असते."

मी मान खाली घातली. सगळ्यांना वाटलं लाजले.

१९ नोव्हेंबर

काम आवडतंय. हेच वाईट आहे.

२३ नोव्हेंबर, रविवार

पुढच्या रविवारी संध्याकाळी सातला माझी गोष्ट दाखवणार.

पाठवताना वाटलं होतं, परीक्षक बघतील, बाजूला ठेवतील, विसरतील. मुंबई-पुण्याच्या पोरांचं चॅनल असेल, आपल्याकडे कोण बघतंय. आणि आज हातखंब्याला घरी आले तर आमच्या वाडीत घराघरावर तबकडी! फुकट म्हटल्यावर सगळ्यांनीच बसवल्यात. शेजारच्या तुळसाकाकूंच्या घरात 'उधाण' चालूच होतं, त्यांची नात बघत होती.

बाबांचं हायवेला पंक्चरचं दुकान. समुद्र त्यांनी बघितलाय तो भाट्याच्या पुलावरून.

२४ नोव्हेंबर

तन्वीर सरांना म्हटलं, माझी गोष्ट नंतर दाखवली तर? दुसऱ्या कुणाची आधी घ्या. त्यांनी विचारलं, का? मी म्हटलं, घरचं आहे ना सगळं, बरं वाटत नाही. ते म्हणाले, "समजतं मला. पण अशी गोष्ट ऐकून कितीतरी पोरं बापाशी बोलतील, बघ."

 तेव्हाच सांगायला हवं होतं. तोंड उघडलं होतं मी. तेवढ्यात आमच्या सहातला ऋत्विक कॅमेऱ्याची वायर मागायला आला, आणि मी ती शोधून द्यायला उठले. एका वायरीसाठी.

३० नोव्हेंबर, रविवार

दाखवली.

रत्नागिरीतल्या खोलीत एकटीने मोबाइलवर बघितली. मी चांगली सांगते. ते ऐकून जास्तच घाण वाटलं. मध्ये वादळसुद्धा घातलंय मी. तूबाच्या गोष्टीत वादळ नव्हतंच, इंजिन बंद पडलं होतं.

साडेसातला बाबांचा फोन. संदेशच्या चहाच्या हॉटेलात बघितली म्हणे, दहा-बारा माणसं होती. मी काही बोलायच्या आत म्हणाले, "चांगली दिसत होतीस." मग, "जेवलीस काय?" आणि ठेवला.

१ डिसेंबर

आईकडून कळलं. लोक बाबांना चिडवत होते, रघू, तू बोटीवर कधी गेलास? बाबा सगळ्यांना सांगतायत की ते नाटक आहे, पोरगी टीव्हीवर नाटकात काम करते.

माझ्यासाठी आता तेही खोटं बोलतायत.

६ डिसेंबर, शनिवार

घरी गेले. आईने ताट वाढलं आणि मागच्या दारी निघून गेली. जेवून दुकानावर गेले. बाबा ट्यूब पाण्यात दाबून भोक शोधत होते. मी शेजारी स्टुलावर बसले.

"मला तर पोहायला पण येत नाय गो," ते म्हणाले. हसले. मीही हसले.

बुडबुडे आले तिथे त्यांनी खडूने खूण केली. ट्यूब पुसली. कानशीने घासत माझ्याकडे न बघता विचारलं, "माझ्यात सांगण्यासारखं कायच नव्हतं?"

मी म्हटलं, तसं नाही बाबा.  एक ट्रक येऊन थांबला आणि ते उठले. मी दहा मिनिटं थांबले, वीस मिनिटं थांबले. मग एस.टी. पकडली.

या माणसाने बारावीला रोज सकाळी मला मोटरसायकलवरून रत्नागिरीला क्लासला सोडलं. अर्धा दिवस दुकान बंद ठेवून. सांगण्यासारखं नव्हतं?

९ डिसेंबर

तूबाचा फोन नाही. मेसेज नाही. आठवडा होऊन गेला. बुरोंडीत तबकड्या नसतील असं नाही.

तिने शिव्या घातल्या असत्या तर बरं झालं असतं.

१४ डिसेंबर, रविवार

बुरोंडीला जाऊन आले.

पहाटेची गाडी, दापोलीला बदलली. न कळवता गेले, कळवलं असतं तर गेलेच नसते. अंगणात ताजबी बांगडे साफ करत बसली होती. मला बघून हात धुतले, "ये गो, किती लांबून आलीस, आधी बस," म्हणाली. तिला माहीत होतं का नव्हतं, कळेना. मुसाचाचा ओट्यावर जाळं शिवत होते. ते म्हणाले, "बघितली मी टीव्हीवर. वादळ मोठं लावलंस. त्या दिवशी पान हलत नव्हतं." डोळ्यांत राग नव्हता. थट्टाही नव्हती. चुकलेलं दुरुस्त करतात तसं.

मी तिथेच म्हटलं, "चाचा, मी चुकले."

त्यांनी सुईत दोरा ओवला. "मला काय. गोष्ट तिची. तिला सांग."

तूबा मला घेऊन खाडीकडे निघाली. कॉलेज संपल्यापासून ती घरीच आहे, नोकरी शोधतेय. बारीक झालीये. खाडीच्या काठाला लागलो. मग मी सगळं सांगितलं, वीस ऑक्टोबरपासून. रडायचं नाही असं ठरवलं होतं, कारण रडले असते तर तिलाच माझी समजूत घालावी लागली असती. नाही रडले.

ती म्हणाली, "चांगली सांगितलीस. मला एवढी नाही जमली कधी."

"राग आला?"

"आला होता." पुढे बोलली, "राग नाही म्हणजे. तू विचारलं असतंस तर मी हो म्हटलं असतं. ते लागलं."

मी म्हटलं, उद्या जाऊन तन्वीर सरांना सगळं सांगते. ती जागीच थांबली. "काय गरज? काम जाईल तुझं. दोघींपैकी एकीला तरी मिळालंय ना. कर नीट." मी पुन्हा म्हटलं तर रागावली, "माझ्यासाठी सांगत असशील तर नको सांगू. स्वतःसाठी सांगायचं तर तुझं तू बघ."

ताजबीने जेवल्याशिवाय सोडलं नाही. तांदळाची भाकरी, बांगड्याचं कालवण. दुसरी भाकरी मी मागून घेतली. त्या घरात, मागून!

१८ डिसेंबर

चार दिवस झाले. सरांना सांगितलं नाही. तूबा नको म्हणाली, असं स्वतःला सांगते. रात्री झोप लागतेय. पहिल्यांदाच पूर्ण लागतेय. माफी इतकी स्वस्त कशी मिळाली?

२३ डिसेंबर

बाबांना फोन केला. म्हटलं, तुमच्यावर एक गोष्ट करायचीये, पंक्चरच्या दुकानावर. ते म्हणाले, "राहू दे गो आता."

२ जानेवारी

वर्ष बदललं. कामं चालू. सरांनी सांगितलं, सोमवारी जुनं सामान आवर, संगणकात जागा नाही.

५ जानेवारी, सोमवार

'तीन मिनिटं तुझी'मध्ये बाद झालेल्या गोष्टी पुसायच्या होत्या. एक-एक उघडून नाव बघत होते. तूबा मुसा.

आली होती अकरा ऑक्टोबरला. माझ्या आधी नऊ दिवस. कार्यालयात मात्र बघितली माझ्यानंतर. समोर शेरा: 'राहीची गोष्ट उचललीये. बाद.' आणि तिला कळवलेला मेसेज, हेच शब्द, माझ्या नावासकट. तारीख बारा नोव्हेंबर. मला निवडीचा फोन आला तोच दिवस.

ताजबीने मला भाकरी वाढली तेव्हा तूबाला महिन्यापासून माहीत होतं.

गोष्ट लावली. ती त्यांच्या ओट्यावर बसलीये, ओढणी सारखी नीट करतेय. वादळ नाही, मध्ये दोनदा अडखळली. शेवटी म्हणते, "ही मी एकाच मैत्रिणीला सांगितली होती. ती म्हणाली, ही सगळ्यांना सांग. म्हणून सांगतेय."

मी असं म्हटलं होतं? मला आठवत नाही.

तन्वीर सरांना बोलावलं. आधी तिची दाखवली, मग दोन्ही तारखा. म्हटलं, गोष्ट तिने नाही, मी उचललीये. त्यांनी दोन्ही तारखा पुन्हा वाचल्या. मग खिशातून फोन काढला आणि माझ्याकडे न बघता म्हणाले, "तिचा नंबर सांग."

सांगितला. पाठ आहे.