माझे बूट ओट्यावर ठेव

बा,
तुला आणि आईला निलमचा नमस्कार. मी बरी आहे. खेळणं थांबलं तरी फुटबॉल सुटला नाही, टीव्हीवर कॉमेंट्री जमतेय.

पण डोकं फिरलंय. फोनवर ओरडले असते, म्हणून लिहितेय. चॅनेलवाल्यांनी माझी ओळख करून दिली, ‘रानशेतची अनवाणी खेळणारी पोर.’ साफ खोटं! डहाणू रोडवरून तूच बूट आणलेस, मोठे होत होते म्हणून पुढे चिंध्या कोंबल्यास. तसं सांगितलं, तर म्हणाले, अनवाणीच बरं दिसतं.

गुरुवारी ते घरी शूटिंगला येतील. तुला चप्पल काढून शेतात चालायला लावतील. अजिबात चालू नकोस. गुडघा दुखतो का अजून?

माझे ते बूट ओट्यावर ठेव. आणि घरात शिरण्याआधी त्यांना त्यांचे बूट काढायला लाव.

तुझीच,
निलम