तिसरी ताटली

३ फेब्रुवारी १९६६, माद्रिद
सिनेमातला माझा एकतिसावा वेटर आज संपला! "साहेब, सूप आणू?" एवढंच वाक्य, तेही दुसऱ्याच्या आवाजात भरणार. बस्स झालं. आता लिहिणार मी, दिग्दर्शन माझं, कामही माझं. बासिलिओ पैसे घालतोय, पण सेन्सॉरने पटकथा पास केली तरच.

५ फेब्रुवारी
आईला तो प्रसंग वाचून दाखवला. घरात माणसं दोन, आई आणि मुलगा. ती ताटल्या मांडते तीन. मुलगा विचारतो, ती सांगते – छत्तीस साली, यादवीत, बाबांना कुणी नेलं, कुठल्या ट्रकमधून.

मसूर निवडता निवडता म्हणाली, "काढून टाक ते." म्हटलं, अगं, आपलंच आहे, तूच मांडायचीस ना? "हळू बोल. खाली पहारेकरीण कान लावून बसलीय."

तीस वर्षं ही बाई बाबांबद्दल चकार शब्द बोललेली नाही, सेवेरिनो हे त्यांचं नावसुद्धा नाही. मी तेव्हा चार वर्षांचा होतो. मला त्यांचा चेहरासुद्धा धड आठवत नाही! नाही काढणार. जा!

१० फेब्रुवारी
युक्ती केलीय. इथे सगळेच करतात – सेन्सॉरच्या लाल पेन्सिलीला चघळायला काहीतरी द्यायचं, म्हणजे ती बाकीच्याला तोंड लावत नाही. एक जाडा बिशप घुसडलाय. भर मिरवणुकीत कारंज्यात पडतो, झगा डोक्यावर, मांड्या उघड्या! बिशप कापतील, ताटली सुटेल.

रेमेदिओस सिनेमात आईचं काम करणार आहे. ती वाचून हसून लोळली. "मेल्या, तुरुंगात जाशील!" जाईन!

२ मार्च
बिशप पास! मंडळावरचे फादर म्हणे पोट धरून हसले – "अगदी आमच्या बिशपांसारखा हो!" आणि कापलं काय? ताटलीच्या प्रसंगातली वाक्यं. एकूण एक.

बासिलिओ खूश. "बिशपला दोनदा पाडू या!" त्याची गचांडी धरणार होतो.

आई म्हणाली, "बरं झालं. सुटलास."

३ मार्च
सुटलो नाही!

७ मार्च
वाक्यं हवीत ना? घ्या! सेन्सॉरचा कागद तीनदा बघितला, ताटलीवर कुठेही रेघ नाही. ती तीन ताटल्या मांडेल, दोघं जेवतील. कुणी काही बोलणार नाही.

"कळणार कुणाला?" बासिलिओ.
ज्यांच्या घरी ताटली उरलीय त्यांना.
"आणि वरच्यांना?"
ते बिशपला हसत असतील.

२२ एप्रिल
झालं चित्रण. रेमेदिओसने तिसरी ताटली ठेवायच्या आधी कमरेच्या एप्रनने पुसली. मी सांगितलं नव्हतं. दिवेवाले एरवी तोंडाचे फाटके, आज टोप्या काढून उभे होते.

१४ ऑक्टोबर
पहिला खेळ. येणार नाही म्हणणारी आई ऐन वेळी कोट घालून दारात हजर. बिशप पडला, थिएटर डोक्यावर घेतलं लोकांनी. मग ताटली. मागे कुणीतरी बाई हुंदका देत होती.

आई मात्र ढिम्म. मेट्रोत नाही, जिन्यात नाही, एक अक्षर नाही! सरळ झोपायला गेली. असा राग आलाय. नाही आवडलं तर नाही आवडलं, पुढचाही असाच काढीन.

१५ ऑक्टोबर
सकाळी कॉफी ओतताना आई म्हणाली, "खुर्ची चुकलीय. सेवेरिनो दाराकडे तोंड करून बसायचा. परत काढ."