मावीचा तांदळाचा डबा

अहो,

मी निघताना तुम्ही बजावलं होतंत, "अक्षत बाटला असेल तर कळव, त्याचं नाव टाकतो." म्हणून इथे परदेशात, अवोन्डेलला त्यांच्या घरी आल्यापासून मी सुनेवर डोळा ठेवून आहे. मावी म्यानमारच्या डोंगरातली, चिन जमातीची. शिजवायच्या तांदळातली एक मूठ रोज वेगळ्या डब्यात टाकते. चर्चसाठी म्हणे!

"ही रीत तुमच्या जमातीची की धर्माची?" मी विचारलं.

"आई, आमच्यात ते वेगळं नसतंच."

तिथेच मला खटकलं. तिची पाठ वळली की मी ती मूठ परत पातेल्यात ओतते. तरी डबा भरत चाललाय! आज दाराआडून पाहिलं, तर डोळे मिटून डब्यात मूठ टाकत होता आपला अक्षत.

संध्याकाळी फोनवर मी तुम्हाला म्हणाले, तसली थेरं एकटी तीच करते.

हे पाठवायची हिंमत नसलेली,
कल्याणी